‘काही नाही करत जी, घरीच राहतो!’

मैत्रिणींनो, एक प्रश्न विचारते. उत्तर मात्र पटकन द्यायचे, विचार करत बसायचे नाही. कुणी परक्या माणसाने विचारले, "बाई, तुम्ही काय करता?" तर तुम्ही काय सांगता?

नोकरी करणाऱ्या मैत्रिणी क्षणभर बाजूला ठेवू या. बाकी आपण बहुतेकजणी म्हणतो, "काही नाही, घरीच असते." बँकेत म्हणतो, मुलांच्या शाळेत म्हणतो, आगगाडीत शेजारी बसलेल्या बाईंनाही हेच सांगतो. तिथे त्याने काही बिघडत नाही. पण एक जागा अशी आहे, जिथे हे चार शब्द लाखालाखाला पडतात. ती जागा म्हणजे मोटार अपघाताच्या नुकसानभरपाईचे न्यायालय.

मला हे कुठल्या पुस्तकातून नाही कळले. भंडाऱ्याच्या जिल्हा न्यायालयात बाकावर बसून कळले.

माझी धाकटी बहीण भंडाऱ्याला असते. तिच्या शेजारच्या वहिनींची तारीख होती आणि सोबतीला कुणी बाईमाणूस हवे होते, म्हणून मी गेले. वहिनींचे नाव सांगत नाही, कारण दावा अजून चालू आहे. वय वर्षे छत्तीस. घरी नवरा, सासू, दोन मुले आणि गावाकडे दोन एकर धानाच्या बांध्या. दोन वर्षांपूर्वी माहेराहून नवऱ्याच्या मोटारसायकलवर मागे बसून परत येत होत्या. लाखनीच्या अलीकडे महामार्गावर मागून ट्रकने धडक दिली. (हा रस्ता तुमच्यापैकी अनेकींना ठाऊक असेल. नागपूर, भंडारा, लाखनी, साकोली करत रायपूरला जाणारा. पूर्वीचा सहा नंबर, आताचा ५३.) नवऱ्याला खरचटण्यावर निभावले. वहिनींचा उजवा गुडघा मात्र चुरला. दोन शस्त्रक्रिया झाल्या, आत प्लेट बसली, तीन महिने खाटेवर गेले. आज त्या चालतात, पण गुडघा पुरता वाकत नाही. मांडी घालता येत नाही, उकिडवे बसता येत नाही, भरलेला गुंड उचलून पायरी चढता येत नाही.

पिंजऱ्यात उभ्या राहिल्या तेव्हा विमा कंपनीच्या वकिलांनी अगदी सभ्यपणे विचारले, "बाई, तुम्ही काय करता?"

"काही नाही करत जी, घरीच राहतो."

(आमच्या झाडीपट्टीत बाईसुद्धा ‘राहतो’च म्हणते, आणि ‘जी’ लावल्याशिवाय मोठ्यांशी बोलत नाही.)

"म्हणजे तुमचे स्वतःचे उत्पन्न काही नाही?"

"नाही जी."

वकीलसाहेब खाली बसले. टंकलेखकाने ते उतरवून घेतले. एक मिनिटही लागले नाही हो! आणि वहिनींना वाटले, आपण खरे बोललो, सुटलो.

नंतर वहिनींच्या वकीलबाई उठल्या. न्यायालयाची परवानगी घेऊन त्यांनी फेरतपासात मोजकेच प्रश्न विचारले. "सकाळी किती वाजता उठत होता?" साडेचारला. मग काय काय करत होता? वहिनी आधी अडखळत, मग भराभर सांगू लागल्या. अंगण, पाणी, चूल, सासूबाईंचे अंग पुसणे, डबे, गाईचे शेण, धुणे, दळण, संध्याकाळचा स्वयंपाक. "आणि आषाढात?" "आषाढात रोवणीला जातच होतो ना जी! आपल्या बांध्या झाल्या की दुसऱ्यांकडे." "त्याचे पैसे मिळत?" "मिळत ना जी. रोजी मिळते." "मग आता कशाला ‘काही नाही करत’ म्हणालात?" असे वकीलबाई विचारू शकत नव्हत्या, पण त्यांच्या चेहऱ्यावर ते दिसत होते. रोवणीला तर सगळ्याच जातात, ते काय काम धरायचे, असा वहिनींचा हिशेब!

शेवटचा प्रश्न होता, "आता ही कामे कोण करतं?" यावर वहिनी बराच वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, "पोरगी करते." पोरगी तेरा वर्षांची आहे.

टक्क्यांचा घोळ

अपघात झाला की वर्तमानपत्रात मृतांचा आकडा मोठ्या अक्षरांत येतो. २९ नोव्हेंबर २०२४ ला भंडाऱ्याहून गोंदियाला निघालेली शिवशाही बस कोहमारा-गोंदिया रस्त्यावर उलटली आणि ११ जण गेले. मृतांच्या वारसांना १० लाखांची मदत जाहीर झाली, ती झालीच पाहिजे. पण अशा प्रत्येक अपघातात ‘जखमी’ या एका शब्दात किती माणसे कोंबलेली असतात! कुणाचा पाय, कुणाची बोटे, कुणाची नजर. महिनाभराने जग त्यांना विसरते आणि त्यांचा खरा अपघात तेव्हा सुरू होतो. सरकारने जाहीर केलेली मदत वेगळी आणि न्यायाधिकरणाकडे मागायची भरपाई वेगळी, हेही लक्षात असू द्या. एक मिळाली म्हणजे दुसरीचा हक्क गेला असे नाही. बस एसटीची असली तरी महामंडळाविरुद्ध दावा करता येतो.

कायमचे अपंगत्व आले तर भरपाई कशावर ठरते? लोक म्हणतात, सर्टिफिकिटावरच्या टक्क्यांवर. हे अर्धेच खरे आहे. डॉक्टर जे टक्के लिहितात ते पुष्कळदा त्या एका अवयवाचे असतात. पायाचे ४५ टक्के म्हणजे सबंध शरीराचे ४५ टक्के नव्हेत. आणि शरीराचे जे टक्के, तेच कमाईचे नुकसान असेही नव्हे. २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने राजकुमार विरुद्ध अजयकुमार या निकालात हे फार सोप्या उदाहरणाने समजावले आहे. समजा, एखाद्याचा डावा हात गेला. अपंगत्व साधारण ६० टक्के. तो माणूस सुतार किंवा ड्रायव्हर असेल तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के बुडाली. तोच माणूस सरकारी कचेरीत कारकून असेल तर त्याची नोकरी कदाचित टिकेलही. हात एकच, टक्के एकच, नुकसान मात्र अगदी वेगळे! तेव्हा न्यायाधिकरणाने पाहायचे ते हे की, हा माणूस अपघाताआधी काय काम करत होता, त्यातले आता काय करू शकतो, आणि दुसरे कोणते काम करून पोट भरू शकतो.

आता हेच आपल्याकडच्या बायकांना लावून पाहा. भंडारा-गोंदियाच्या किती घरांत विड्या वळून चार पैसे येतात! त्या बाईच्या उजव्या हाताची दोन बोटे आखडली तर सर्टिफिकिटावर टक्के जेमतेम दिसतील. पण पान कापणे, वळणे, तोंड मिटवणे सारे त्या बोटांवर. तिचे सगळेच गेले की नाही? रोवणीला जाणाऱ्या बाईचा गुडघा तसाच. चिखलात दिवसभर कमरेत वाकून पऱ्हे लावायचे, एका पायावरून दुसऱ्यावर भार टाकत मागे मागे सरायचे. न वाकणाऱ्या गुडघ्याने हे होणे नाही. खुर्चीवर बसून काम करणाऱ्या बाईलाही दुखेल, पण तिचा पगार थांबणार नाही.

म्हणून डॉक्टरांच्या टक्क्यांइतकेच तुमच्या कामाचे वर्णन महत्त्वाचे. ते दुसरे कुणी करणार नाही, तुम्हालाच करायचे आहे.

घरकामाला मोल कुणी दिले?

तुम्ही म्हणाल, रोवणीचे ठीक आहे, तिथे रोजी मिळते. पण जी खरोखरच घराबाहेर जात नाही, तिचे काय? घरच्या कामाला कोण पैसे मोजतो?

ऐका तर. कायद्यानेच हा प्रश्न फार वर्षे टाळला होता. १९९४ साली मोटार वाहन कायद्याला जो तक्ता जोडला गेला, त्यात न कमावणाऱ्या व्यक्तीचे उत्पन्न वर्षाला १५,००० रुपये धरले होते. म्हणजे दिवसाला ४१ रुपये! आणि कमावत्या नवऱ्याच्या बायकोचे मोल नवऱ्याच्या उत्पन्नाच्या एक तृतीयांश. म्हणजे शिपायाच्या बायकोची भाकरी स्वस्त आणि साहेबाच्या बायकोची महाग, असा अर्थ झाला. हा तक्ता आता राहिलेला नाही.

न्यायालये मात्र हळूहळू पुढे सरकत गेली. १९८९ साली जमशेदपूरला एका समारंभात आग लागून पुष्कळ बायकामुले गेली. त्या प्रकरणात २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने मधल्या वयाच्या गृहिणीच्या कामाचे मोल महिना ३,००० रुपये धरले. २०१० च्या एका निकालात न्यायमूर्ती गांगुलींनी २००१ च्या जनगणनेवरच बोट ठेवले. घरकाम करणाऱ्या बायकांना त्या जनगणनेने भिकारी, वेश्या आणि कैदी यांच्या पंक्तीत ‘काही उत्पादन न करणाऱ्या’ म्हणून बसवले होते! वाचून माझ्या हातातली कणीक तशीच राहिली होती.

मग ५ जानेवारी २०२१ चा निकाल आला. त्यात न्यायमूर्ती रमणा यांनी २०१९ च्या सरकारी पाहणीचा आधार घेतला. आपल्या देशात बाई बिनपगारी घरकामाला दिवसाचे सरासरी २९९ मिनिटे देते आणि पुरुष ९७ मिनिटे. घरकामाला पैशांत मोजणे म्हणजे उपकार नव्हे, ते त्या बाईचे देणेच आहे, असा त्या निकालाचा रोख आहे. २०२४ च्या फेब्रुवारीत तर सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितले की, गृहिणीचे मोल रोजंदारीच्या मजुराच्या किमान वेतनापेक्षा कमी धरताच येणार नाही.

आणि हे सारे दिल्लीतच घडते असे समजू नका. भंडाऱ्याच्या न्यायाधिकरणाचे अपील ज्या नागपूर खंडपीठाकडे जाते, तिथेच २०२० साली अमरावतीकडच्या एका कुटुंबाचा निकाल लागला. घरची बाई अपघातात गेली होती. ती गृहिणी, तिचे उत्पन्न नाही, म्हणून खाली दावा फेटाळला गेला होता. उच्च न्यायालयाने तो निर्णय फिरवून ८ लाख २२ हजार रुपये दिले.

हे निकाल बहुतेक मृत्यूच्या प्रकरणांतले आहेत. पण बाईच्या कामाचे मोल धरण्याची रीत जखमी बाईलाही तशीच लागू होते. उलट, मृत्यूच्या दाव्यात तिच्या स्वतःच्या खर्चाचा हिस्सा वजा करतात, तो जखमी बाईच्या दाव्यात वजा करायचा नसतो. ती जिवंत आहे, तिला खायला लागणारच ना!

जरा हिशेब मांडू या

स्वयंपाकघराचा हिशेब जमतो, तर हाही जमेल. पाटी-पेन्सिल घ्या.

समजा, ३६ वर्षांची गृहिणी आहे. तिच्या कामाचे मोल न्यायालयाने महिना १०,००० रुपये धरले. वर्षाचे झाले १,२०,०००. चाळिशीच्या आतल्या, पगारदार नसलेल्या माणसाच्या बाबतीत पुढे उत्पन्न वाढले असते म्हणून ४० टक्के मिळवतात. (२०१७ चा प्रणय सेठी निकाल. २०२० पासून अपंगत्वाच्या दाव्यातही तो निःशंक लागू आहे.) झाले १,६८,०००. आता वयाचा गुणक. २००९ च्या सरला वर्मा निकालात त्याचा तक्ता आहे. पंचविशीच्या आत १८, ३६ ते ४० ला १५, आणि ५६ ते ६० ला ९. आपल्या बाईला १५. गुणाकार केला की २५,२०,०००. तिची काम करण्याची ताकद ३० टक्के गेली असे न्यायालयाने मानले तर या एका बाबीचे ७,५६,००० रुपये.

आता हीच बाई पिंजऱ्यात ‘काही नाही, घरीच असते’ म्हणून गप्प बसली, वकिलानेही पुढे काही मांडले नाही, आणि कुणी जुन्या ३,००० वरच हिशेब केला, वाढ धरली नाही, अपंगत्वही १५ टक्केच धरले, तर? ३६,००० गुणिले १५, त्याचे १५ टक्के. ८१,००० रुपये!

आकडे समजण्यासाठी घेतले आहेत. प्रत्येकीचे वेगळे येतील. पण फरक पाहिलात ना?

शिवाय कमाईचे नुकसान ही एक बाब झाली. दवाखाना, औषधे, जाण्यायेण्याचे भाडे, पौष्टिक खाणे, पुढे प्लेट काढण्याच्या शस्त्रक्रियेचा खर्च, खाटेवर पडून गेलेले महिने, सोसलेल्या वेदना आणि आयुष्यातल्या ज्या लहानसहान सुखांना मुकावे लागले ते, या सगळ्यांची वेगवेगळी मागणी करता येते. लग्नाच्या वयाच्या मुलीसाठी लग्न जुळण्यात येणाऱ्या अडचणीचीही. आणि सांभाळणाऱ्या माणसाचा खर्च तर विसरूच नका. आपण म्हणतो, "बाई कशाला ठेवायची, सासूबाई आहेत, नणंद आली आहे." पण घरच्या माणसाने केले म्हणून ती सेवा फुकट ठरत नाही. बारा वर्षांच्या एका मुलीला अपघाताने कायमचे अंथरुणाला खिळवले होते. २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने तिच्यासाठी दोन मदतनीस बायांचा महिना १०,००० रुपये खर्च धरून, १८ च्या गुणकाने नुसत्या त्या बाबीचेच २१,६०,००० रुपये दिले.

कागद, आणि घाई कशाची करायची

अपघात झाल्या दिवशी कुणाला सुचत नाही, ते खरे. आधी माणूस वाचवायचे. २०२५ च्या मे महिन्यापासून रस्ते अपघातातल्या जखमींना ठरवून दिलेल्या रुग्णालयांत पहिले सात दिवस दीड लाखापर्यंत उपचार रोख पैसे न भरता मिळण्याची योजना आहे. दवाखान्यात तसे विचारा. पण नवऱ्याला, दिराला, भावाला, कुणाला तरी एकाला त्याच दिवसापासून कागदांच्या मागे लावा. एफआयआर आणि पंचनाम्याची नक्कल, गाडीचा नंबर, ड्रायव्हरचा परवाना, गाडीची विमा पॉलिसी. पोलिसांनी पहिला अहवाल ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत न्यायाधिकरणाकडे पाठवायचा, असा २०२२ पासूनचा नियम आहे. तो गेला का, हे जाऊन विचारावे लागते. विचारल्याशिवाय काय हलते आपल्याकडे?

दवाखान्याची प्रत्येक चिठ्ठी जपा. आपण काय करतो, औषधाची पावती पदराला बांधतो आणि ती धुण्यात जाते! एक जुनी साडीची पेटी घ्या आणि सगळे त्यात टाका. रिक्षाच्या भाड्याची पावती मिळत नाही, तेव्हा वहीत तारीखवार लिहा.

सर्टिफिकीट घाईने, कुणी तरी ‘पैसे द्या, लगेच मिळेल’ म्हणतो त्याच्याकडून घेऊ नका. अशा तयार सर्टिफिकिटांवर विसंबू नये, असे त्याच २०१० च्या निकालात न्यायालयाने बजावले आहे. ज्या डॉक्टरांनी उपचार केले ते, किंवा जिल्हा रुग्णालयाचे मंडळ, यांचेच चालते. आणि नुसता कागद पुरत नाही, डॉक्टरांना साक्षीला यावे लागते. त्यांना तुमच्या वकिलाने नेमके हेच विचारले पाहिजे की, ही बाई चुलीपुढे बसू शकेल का? रोवणी करू शकेल का? ओझे उचलू शकेल का?

घाई करायची ती दाव्याची. २०२२ च्या एप्रिलपासून अपघाताच्या तारखेपासून सहा महिन्यांच्या आत अर्ज करावा, असा कायदा आहे. त्या मुदतीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले आहे, आणि २०२५ च्या नोव्हेंबरात न्यायालयाने मुदतीच्या कारणावरून अर्ज फेटाळू नयेत असा अंतरिम आदेशही दिला आहे. म्हणून ज्यांचे सहा महिने टळले त्यांनी निराश होऊ नये, पण ज्यांचे टळायचे आहेत त्यांनी त्या भरवशावर बसू नये. दावा जिथे अपघात झाला तिथेच करावा लागतो असेही नाही. रायपूरकडे जाताना छत्तीसगडात अपघात झाला, तरी भंडाऱ्यात राहणारी बाई भंडाऱ्याच्याच न्यायाधिकरणात अर्ज करू शकते.

वकिलाची फी कुठून आणायची? बायकांना उत्पन्नाची अट न ठेवता सरकारी खर्चाने वकील मिळतो. १९८७ चा कायदा आहे. जिल्हा न्यायालयाच्या आवारातच जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाची कचेरी असते, तिथे साधा अर्ज करायचा. तो नवऱ्याने नव्हे, तुम्ही करायचा.

आता एक धोक्याची सूचना. चूक कुणाची हे सिद्ध न करता गंभीर जखमीला अडीच लाख रुपये मिळण्याची तरतूद आहे. ज्याची दुखापत बरी होण्यासारखी आहे त्याला ती सोयीचीही पडेल. पण ती रक्कम स्वीकारली की मोठा दावा संपतो. लोकअदालतीत तडजोड झाली की तिच्यावरही अपील नसते. तडजोड वाईट नव्हे, वर्षानुवर्षे हेलपाटे घालण्यापेक्षा कधी कधी तीच बरी. पण पाय पुढे किती सुधारणार हे डॉक्टरांनी सांगण्याआधी सही करणे म्हणजे भात शिजण्याआधीच पंगत बसवणे. धक्का देऊन पळून गेलेली गाडी सापडलीच नाही, तर मात्र गंभीर जखमीला ५०,००० रुपये मिळतात. त्याचा अर्ज तहसील किंवा उपविभागीय कार्यालयात करायचा असतो.

ट्रॉलीत बसण्याआधी

हे लिहिल्याशिवाय राहवत नाही. आपल्याकडे रोवणीच्या आणि कापणीच्या दिवसांत पहाटे ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत, मालाच्या छोट्या गाडीत बायका उभ्याने भरून जातात. लग्नाचे वऱ्हाडही तसेच. अपघात झाला तर विमा कंपनी हात वर करते, आणि कायद्याने ती बरोबर असते. मालाच्या गाडीत फुकट बसलेल्या माणसाचा विमा नसतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २००२ सालीच ठरवले आहे. मग उरतो गाडीचा मालक. तो गावातलाच, कर्जात बुडालेला. त्याच्याकडून काय वसूल करणार? एखाद्या वेळी न्यायालय कंपनीला आधी पैसे द्यायला लावते, पण तो भरवसा धरता येत नाही. मजुरीला नेणाऱ्याला दहा बायकांनी मिळून सांगितले की माणसे नेण्याची गाडी आण, तर तो आणेल. एकटीने सांगितले तर दुसऱ्या दिवशी तिला बोलावणार नाही, हेही मला माहीत आहे.

तसेच नवऱ्याच्या मोटारसायकलचे. नुसता ‘थर्ड पार्टी’ विमा असेल तर मागे बसणारीला त्याचे संरक्षण नसते. ‘पॅकेज’ पॉलिसी लागते. वहिनींच्या बाबतीत धडक ट्रकची होती, म्हणून ट्रकची कंपनी समोर आहे. पण रस्त्यावरच्या कुत्र्याला चुकवताना नवऱ्याचीच गाडी घसरली असती तर? आज संध्याकाळी हे घरी आले की पॉलिसीचा कागद काढायला सांगा. वर्षाकाठी काही रुपये जास्त पडतील.

वहिनींच्या दाव्यात पुढच्या तारखेला डॉक्टरांची साक्ष आहे. वकीलबाई जादा प्रतिज्ञापत्रासाठी परवानगी मागणार आहेत. मूळ प्रतिज्ञापत्रात कारकुनाने ‘अर्जदार ही गृहिणी असून’ एवढी एकच ओळ लिहिली होती. त्यासाठी त्यांनी वहिनींना दोनशे पानी वही आणायला सांगितली. अपघाताआधी वर्षभरात, महिन्यामहिन्याने, काय काय करत होता ते सगळे लिहायचे. वहिनी सांगतात आणि पोरगी लिहिते. शाळा सुटल्यावर, भांडी झाल्यावर.

परवा बहिणीच्या फोनवरून वहिनींचा निरोप आला. उन्हाळ्यात लाखोळीच्या डाळीच्या वड्या घालून चार घरी देत होतो, दोन घरचे पैसे देत होते आणि दोन घरचे देत नव्हते. तर दोनच घरच्या लिहायच्या की चारही?

मी म्हटले, चारही लिहा.